कारंज्याच्या हौदातली मगर

माझं माहेर म्हसवडकडचं. तिकडं पाणी म्हणजे टँकर. टँकर आला की घागरी घेऊन पळायचं, भांडायचं, निम्मं सांडायचं, एवढंच पाणी मला लग्नाआधी माहीत. त्यामुळं लग्न होऊन एसटीनं कृष्णेच्या पुलावरून पहिल्यांदा आले तेव्हा मी खिडकीतून नुसती बघतच राहिले. एवढं पाणी, आणि कुणीच भांडत नाही! शेजारी सासूबाई बसल्या होत्या. त्यांनी माझ्या मुठीत एक नाणं दिलं आणि म्हणाल्या, "टाक, कृष्णामाईला टाक. आन् हात जोड."

मी टाकलं. तेव्हापासून पूल आला की हात आपोआप कमरेच्या पिशवीकडं जातो. माझाच नव्हे, गाडीतल्या सगळ्या बायांचा. आमचा एक कंडक्टर होता, तो तिकीट फाडायचा थांबून कपाळाला हात लावायचा. सासूबाई गेल्या, पूल नवा झाला, नाणी बदलली, सवय तीच राहिली. हे आधी सांगते, कारण पुढचं सगळं या सवयीपाशी येऊन थांबणार आहे.

आमचं गाव कुंडलपासून फार लांब नाही. नदीकाठचं, उसाचं. पुलाच्या अगदी खालीच आमचा पाणवठा. आता घरोघरी नळ आहेत, कुणाकुणाकडं धुण्याची मशिनं पण आली आहेत, तरी गोधड्या, चादरी, दिवाळीचं मोठं धुणं नदीलाच. आणि नदीत मगरी. त्या माझ्या लग्नाच्या आधीपासून आहेत. थंडीच्या दिवसांत समोरच्या वाळूवर जबडा उघडा टाकून उन्हाला पडलेल्या असायच्या. लांबून बघितलं तर पुरात वाहून आलेलं लाकूड वाटावं. त्या पलीकडं, आम्ही अलीकडं. त्यांचं ऊन त्यांना, आमचं धुणं आम्हाला.

मग एकदा त्यातली एक अलीकडं आली.

आमची सून गोधडी आपटत होती आणि तिच्यापासून दोन हातांवर आमचं रेडकू पाणी पीत होतं. पाणी फुटलं, रेडकाचा एकच आवाज आला, आणि त्या जागी रेडकू नव्हतं. सून ओल्या अंगानं घरी आली ती धुणं तिथंच टाकून. उंबऱ्यावर बसली. मी पाणी दिलं तर तिनं तांब्या हातात घेतला आणि त्यातल्या पाण्याकडं बघत बसली. प्याली नाही.

माझा मुलगा कुपवाडला वेल्डिंगच्या शेडमध्ये आहे. संध्याकाळी गाडीवरून आला, त्यानं हे ऐकलं, आणि डबा खाली न ठेवता तसाच चौकात गेला. त्यानं गाव गोळा केलं. वनखात्याला फोन, पुढाऱ्यांना फोन. त्याचं चुकलं असं मी तेव्हाही म्हटलं नाही, आजही म्हणत नाही. त्याची बायको दोन हातांच्या अंतरानं वाचली होती.

वनखात्यानं काठावर पिंजरा लावला, आत कोंबडी बांधली. मगर सापडली. गाव लोटलं. कुणीतरी गुलाल उधळला, निवडणूक जिंकल्यासारखा. मुलाला खांद्यावर घेतलं. वनखात्याची माणसं म्हणत होती की लांब वरच्या अंगाला नेऊन सोडतो. पण तालुक्याच्या गावात काही वर्षांमागं एक बाग झाली होती, आणि ती करणारे पुढारी तिथंच उभे होते. ते म्हणाले, "लांब कशाला? आपल्या बागेत ठिवू. पोरं बघतील. चार दिस ठिवू, पुढचं पुढं."

वनखात्याच्या माणसांनी नाही म्हणून मान हलवली, मग त्यांना कुठून तरी फोन आला, मग त्यांनी मान हलवायची थांबवली. चार दिवस म्हणून गेलेली मगर तिथं दोन पावसाळे राहिली.

आम्ही बाया बाजाराच्या दिवशी तालुक्याला जातो. मी, माझी थोरली जाऊ आणि गल्लीतल्या चारसहा जणी. पहिल्याच बाजाराला आम्ही बाग गाठली. खरं सांगते, मला अभिमान वाटत होता. तिथल्या राखणदाराला मी फाटकातूनच सांगितलं, "आमच्या गावची मगर हाय ती."

तो म्हणाला, "मग माहेरवाशिणीला काय आणलंय का न्हाई, मावशी?"

बाग म्हणजे काय, मधे सिमेंटचे रस्ते, कडेला पिंजरे. एका पिंजऱ्यात मोर, शेपटीला पिसं नाहीत. एकात ससे, कानांवर खरूज. एकात कोल्हा. तो कोल्हा पिंजऱ्यात गोल गोल फिरत होता, थांबतच नव्हता. त्याच्या पायांनी फरशीवर वाट पडली होती, बैलाच्या पायांनी घाण्याभोवती पडते तशी. आम्ही त्याला हसलो. जाऊ म्हणाली, "ह्याला कुनीकडं जायचंय एवढ्या घाईनं?"

मगर कारंज्याच्या हौदात होती. कारंजं कधीच बंद पडलेलं, मधे सिमेंटचा एक राजहंस, मानेपासून तुटलेला. पाणी गुडघाभर, हिरवं. हौद गोल आणि मगर लांब, त्यामुळं तिची शेपटी कायम वाकडी, भिंतीला टेकलेली. हौदाचा काठ उभा. नदीवर ती दिवसभर वाळूत ऊन खायची, इथं तिला पाण्याच्या बाहेर यायला जागाच नव्हती. हे मला पहिल्या नजरेत दिसलं. दिसलं आणि मी ते परतीच्या एसटीत जावेला बोलले पण.

"आक्का, शेपूट वाकडं धरून बसलीया वं ती."

"अगं, आपुन एस्टीत कसं बसतोय? तसंच." जाऊ म्हणाली आणि सगळ्या हसल्या. मीही हसले.

पण त्याच्या आधी हौदाजवळ काय झालं ते सांगते. शाळा सुटलेली पोरं तिथं होती. मगर हलत नव्हती म्हणून ती तिला खडे मारत होती. माझं डोकं फिरलं. म्हटलं, "ए, लाजा न्हाईत व्हय रं? मुक्या जनावराला दगड मारताय, हात झडतील हात!" पोरं मागं सरली. मग मी पदर डोक्यावर घेतला. कृष्णामाईचं लेकरू ते, आमच्या नदीतलं. मी पिशवीतनं नाणं काढलं, कपाळाला लावलं आणि टाकलं.

ते तिच्या पाठीवर पडलं. टण् वाजलं. मगर तेवढी हलली, इतक्या वेळात पहिल्यांदा.

पोरं खिदळली. एक म्हणालं, "आजी, तुमचा नेम लय भारी हाय की!"

"आरं, मी पैसा टाकला. दगड न्हवं."

"तिला कुठं कळतंय?" ते पोरगं म्हणालं.

लहान तोंडी मोठा घास म्हणून सोडून दिलं. पण ते बोलणं माझ्या मनातनं गेलं नाही. गेलं नाही, तरी मी थांबले पण नाही, हे लिहायला मला जड जातंय. त्या दिवसापासून आमच्यात पद्धतच पडली. बाजार झाला की बागेत जायचं, आपल्या मगरीची ओटी भरायची. हल्ली दुकानात ओटीचं तयार पाकीट मिळतं, प्लास्टिकमध्ये बांधलेलं, खण, तांदूळ, हळदकुंकू सगळं आत. सोडायची पण गरज नाही. आम्ही तसंच पाण्यात सोडायचो. बांगड्या, नारळाची भकलं, फुलं, नाणी. आमचं बघून दुसऱ्या गावच्या बाया पण यायला लागल्या. पुत्र व्हावा म्हणून, नोकरी लागावी म्हणून. राखणदार खूश. पहिल्यांदा तो तिच्यासाठी कोंबडीवाल्याकडची आतडी आणायचा, मग तेही कमी झालं. विचारलं तर म्हणाला, "लोकं लय घालत्यात, मावशी. उपाशी न्हाई ती."

तांदूळ आणि हळदकुंकू. मगरीला! माझ्या माहेरी मेंढरं होती. कुठल्या जनावराला काय लागतं, हे मला कुणी शिकवायला नको होतं. पण हात जोडले की डोळे मिटतात, आणि मिटल्या डोळ्यांना वाकडी शेपटी दिसत नाही.

दुसऱ्या पावसाळ्यानंतर तिच्या एका डोळ्यावर पांढरं आलं. दगडानं आलं की नाण्यानं, कुणाला माहीत.

मग गावात वनखात्याची एक डॉक्टरीण आली. लहानशी पोरगी, पाठीला सॅक. ग्रामपंचायतीसमोर माणसं जमली. तिनं साधं सांगितलं. मगर काही खात नाही. तिला बागेतून उपचाराला न्यायला परवानगी मिळतेय, बरी झाली की तिच्याच नदीत सोडायचं आहे. पण पुढाऱ्यांचं म्हणणं आहे की गावाचा विरोध आहे, म्हणून हलवू नका. "तुमचा विरोध आहे का?" तिनं विचारलं. "ज्यांचं नुकसान झालं, त्यांनी हो म्हटलं तर बाकीच्यांचं मी बघते."

सगळ्या माना माझ्या मुलाकडं वळल्या.

तो उठला. म्हणाला, "मॅडम, माझी बायकू दोन हातावर व्हती. तुमाला मगरीची एवढी माया हाय, तर तुमच्या बंगल्यातल्या हौदात सोडा."

टाळ्या पडल्या. शिट्ट्या पण. ती पोरगी खाली बघून सॅकची चेन लावत राहिली. मी बायांच्यात बसले होते, माझे कान तापले. एका मनाला वाटत होतं, खरं बोलतोय माझा ल्योक. दुसऱ्या मनाला ती मगर कधीपासून खात नाही आणि का खात नाही, हे कळत होतं.

घरी मी त्याला म्हटलं, "तू तिला एकदा बघून ये."

"मला काय बघायचंय, आये? बघितलीया की. रेडकू न्हेताना."

"तवाची न्हवं. आत्ताची."

तो सुनेकडं बघून म्हणाला, "हिला इचार."

सून भाकरी थापत होती. मान वर न करता म्हणाली, "आत्या, मला अजून बी पाण्यात हात घालवत न्हाई." एवढंच म्हणाली. भीती काय कुणी सांगितल्यानं जाते का?

पण मी हट्टी आहे. पुढच्या रविवारी त्याच्या गाडीवर मागं बसले आणि म्हटलं, "मला बाजाराला सोड." बाजार रविवारी नसतो हे त्यालाही माहीत. तरी तो गाडी घेऊन गेला, बागेपाशी थांबला.

राखणदारानं मला ओळखलं. "मावशी, ह्यो कोन?"

"माझा ल्योक."

"म्हंजी मगर धरणारं ते तुमीच व्हय, दादा!" त्यानं मुलाचा हात हातात घेतला. "आवं, तुमच्यामुळं बागेला गर्दी हाय! थांबा, उठिवतो तिला."

त्यानं कोपऱ्यातला बांबू उचलला आणि तिच्या बरगडीत ढोसला. पाण्यावर ओटीची पाकिटं तरंगत होती, ती बाजूला झाली. तिनं एक डोळा उघडला. पांढरा.

"नगं," मुलगा म्हणाला. "नगं उठवूस."

मग तो हौदाभोवती एकदा फिरला. शेडमध्ये काम बघताना त्याची जशी नजर असते, माप घेणारी, तशीच. माझ्याजवळ येऊन हळू म्हणाला, "आये, ह्यात माझी गाडी बी वळायची न्हाई."

परतताना चहाला थांबलो. चहात बोट बुडवून त्यानं टेबलावर तीन रेघा काढल्या. मग म्हणाला, "पाणवठ्यालाच जाळी मारली तर? लोखंडी अँगल रोवायचं, तिन्ही बाजूंनी जाळी, पाणी येईल, मगर येणार न्हाई. बायका आत बसून धुतील."

तसंच झालं. त्यानं डॉक्टरीणबाईंना फोन करून सांगितलं की आधी जाळी होऊ दे, मग माझा विरोध नाही. सुट्टीच्या सकाळी तो आणि त्याचे दोन सोबती नदीत उतरून काम करायचे, वर एक जण काठी घेऊन पाण्यावर नजर ठेवून. गावानं चेष्टा सोडली नाही. "काय रं गड्या, मगर बाहीर आन् बायका पिंजऱ्यात? तिकीट किती लावतुयास?" तो म्हणायचा, "तुझ्या बायकोला फुकाट." पण जाळी झाली तेव्हा सून पहिल्यांदा आत उतरली. घोट्याएवढ्या पाण्यात उभी राहिली, जाळी दोन्ही हातांनी धरून हलवून बघितली, आणि मग खाली बसली.

मगरीला न्यायच्या दिवशी आम्ही सगळ्या जणी बागेत गेलो. शेवटची ओटी भरायची म्हणून. ताट, निरांजन, नवी पाकिटं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आधी हौद रिकामा करावा लागेल. पंप लावला. पाणी उतरायला लागलं, तसा वास सुटला. बायांनी पदर नाकाला लावले.

मग तळ दिसला.

आमचंच सगळं होतं. खण कुजून दोऱ्या झालेले. नारळाची भकलं. फुटक्या बांगड्या. प्लास्टिकची पाकिटं, कितीतरी, काही फाटलेली, काही अर्धी. त्यावर मगर पोट टेकून पडलेली, आणि पोटाखालची कातडी सोललेली. आणि सगळ्यात खाली काळ्या चिखलात बारीक बारीक गोल काहीतरी. राखणदार खाली उतरला. एक उचललं, अंगठ्यानं पुसलं, म्हणाला, "दगड हाय." दुसरं उचललं, पुसलं. "पैसा." तिसरं पुसलं. पुसल्याशिवाय त्यालाही ओळखू येत नव्हतं.

वर उभी राहून मी ते बघत होते. हातातलं निरांजन कधी विझलं मला कळलं नाही.

डॉक्टरीणबाई आम्हाला काही बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर बरं झालं असतं, भांडता तरी आलं असतं. त्यांनी तिच्या डोळ्यांवर ओलं पोतं टाकलं, जबडा बांधला, आणि सात-आठ जणांनी तिला उचललं. उचलताना पहिल्यांदाच तिची शेपटी सरळ झाली. आम्ही सगळ्या जणींनी नव्या ओट्या पदराखाली घेतल्या, चोरलेल्या असाव्यात तशा. राखणदार नाण्यांनी भरलेले चिखलाचे हात पुढं करून म्हणाला, "मावशी, देवाचं हाय, घेऊन जाताय का?" कुणीच हात पुढं केला नाही.

एसटीत जाऊ माझ्या कानाशी म्हणाली, "आपुन दगड तर मारला न्हाई की गं."

पूल आला. पहिल्यांदाच आमच्यातल्या कुणाचा हात पिशवीकडं गेला नाही.

त्यानंतर रोज सकाळी मी पाणवठ्यावर जायची. धुणं असो नसो. समोरच्या वाळूवर बघायची. दोन मगरी यायच्या, पण त्यांत ती नव्हती, ती मी ओळखली असती. जाळी तयार होती, सून पाण्याला सरावली होती, गाव गप्प होतं. फक्त ती यायची राहिली होती. मुलाला विचारलं तर म्हणायचा, "इलाज चालू हाय, आये." पुढं पुढं माझ्याकडं न बघता म्हणायला लागला.

शेवटी सुनेनं सांगितलं. आम्ही दोघी शेंगा फोडत होतो. "आत्या, ती गेली. लय दिस झालं. ह्यांनी तुमास्नी सांगू नगं म्हटलंय."

"कशानं?"

तिनं शेंगेचं टरफल बोटांत मोडलं. "पोट फाडून बघितलं म्हणं त्यांनी."

"मग? काय निघालं?"

"तेवढं नगा इचारू, आत्या."

मी विचारलं नाही. आजवर विचारलेलं नाही, मुलालाही नाही. त्याला वाटतं मला माहीतच नाही, आणि मी त्याला तसं वाटू देते. एवढ्या मोठ्या बाईनं एवढी साधी गोष्ट विचारू नये? पण मला उत्तर माहीत आहे, म्हणून तर विचारवत नाही.

हौद आता कोरडा आहे म्हणतात. कोल्हा अजून तिथंच आहे. परवा गल्लीतली एक जण बाजाराहून आली, तिनं सांगितलं, अजून तसाच फिरतोय. त्याच्यासाठी गावात कुणी सभा घेतली नाही. मीही कुणाच्या गाडीवर मागं बसून गेले नाही. बाजाराला जाते, पण बागेच्या रस्त्यानं नाही, मागच्या गल्लीनं. जाऊ विचारते, "इकडनं का गं?" मी म्हणते, सावली असते.

दिवाळीच्या आधी मी आणि सून गोधड्या घेऊन जाळीत उतरलो होतो. पाणी गार, ऊन कोवळं. समोरच्या वाळूवर एक मगर जबडा उघडून पडली होती, लांब, सरळ. सून तिच्याकडं बघत गोधडी आपटत होती, हात न थांबवता. वरून पुलावर एसटी आली, तिचा आवाज आला. आणि आमच्या जाळीच्या लोखंडावर काहीतरी येऊन पडलं. टण् वाजलं.

मी एवढी दचकले की हातातली गोधडी पाण्यात सुटली. वर बघितलं तर एसटी पुढं निघून गेली होती. खिडकीतून एका बाईचे जोडलेले हात तेवढे दिसले.

"आत्या, लागलं का कुठं?" सून म्हणाली.

"न्हाई," म्हटलं, आणि वाहत निघालेली गोधडी जाळीपाशी पकडली.